बावन्नचा वेग

आपल्याकडे माणसाला पगार विचारत नाहीत. वय विचारलं तरी भुवया उंचावतात. पण गाडी किती देते, हे कुणीही कुणालाही विचारावं; लग्नाच्या हॉलबाहेर, दवाखान्याच्या पार्किंगमध्ये, सिग्नलला शेजारच्याला काच खाली करायला लावूनसुद्धा. त्याला ओळख लागत नाही. उत्तर देणाराही रागावत नाही. तो क्षणभर आभाळाकडे बघतो, मनात मोठा भागाकार चालू असल्याचा चेहरा करतो आणि वर्षानुवर्षं पाठ असलेला आकडा सांगतो.

या आकड्याची उगमस्थानं तीन. पहिलं म्हणजे शोरूममधल्या पोराने गाडी गळ्यात मारताना सांगितलेला आकडा. तो माणूस गाडी विकेपर्यंत जपतो आणि विकताना पुढच्याला सुपूर्द करतो. दुसरं, डॅशबोर्डवरच्या पडद्यावर कधीतरी उताराला झळकलेला आकडा. आणि तिसरं, समोरच्याने त्याच्या गाडीचा सांगितलेला आकडा अधिक दोन. एकाच कारखान्यातून एकाच आठवड्यात बाहेर पडलेल्या दोन सारख्या गाड्यांपैकी मेहुण्याची गाडी कायम जास्त देते, याचं स्पष्टीकरण अजून कुठल्याही अभियांत्रिकी महाविद्यालयाला सापडलेलं नाही.

या सगळ्या चौकशीत एक गोष्ट मात्र कुणी विचारत नाही: किती वेगाने चालवल्यावर? चाळीसने की शंभरने? वेग न सांगता सांगितलेलं अ‍ॅव्हरेज म्हणजे तालुका न सांगता सांगितलेलं गाव. पण हा प्रश्न विचारला की गप्पा संपतात आणि गणित सुरू होतं, म्हणून सभ्य माणसं तो टाळतात.

आमच्या सोसायटीत, ठाण्यात घोडबंदर रस्त्यावर, एक काका तो टाळत नाहीत. पाण्याच्या पंपांची कार्यक्षमता मोजण्यात त्यांची सगळी नोकरी गेली. निवृत्त झाल्यावर मोजायला पंप उरले नाहीत, तेव्हा त्यांनी स्वतःची गाडी धरली. गाडीच्या कप्प्यात लोक विम्याचे कागद ठेवतात. काकांच्या कप्प्यात वही असते. तिच्यात तारीख, किलोमीटर, लिटर, वेग आणि शेरा असे रकाने आहेत. शेऱ्याच्या रकान्यात ‘टायर हवा ३३’, ‘पाऊस, वायपर चालू’, ‘सौ.च्या माहेरची माणसे ३, बॅगा ५’ अशा नोंदी सापडतात.

वही भरायची तर पेट्रोल पंपावर जावं लागतं आणि काकांसोबत पंपावर जाणं ही धीराची परीक्षा आहे. पेट्रोल भरणारा पोरगा म्हणतो, ‘झिरो बघा, काका.’ काका झिरो बघतात, मग पोराकडे बघतात, मग पुन्हा झिरो बघतात. टाकी फुल करायची. नळीतून पहिला ‘खट’ आवाज आला की थांबायचं, एक थेंब पुढे नाही. पोराला हे पटत नाही. मशीनवर १९७३ रुपये दिसत असताना थांबणं त्याच्या स्वभावात नाही. ‘काका, दोन हजार करू का? राउंड फिगर?’ काका किंचाळतात. त्या सत्तावीस रुपयांनी त्यांचा पुढच्या महिन्याचा भागाकार नासणार असतो. कारण पद्धत अशी: फुल टाकी, किलोमीटर लिहा, चालवा, पुन्हा त्याच पंपावर, त्याच मशीनवर, पहिल्या ‘खट’पर्यंत फुल. मधले किलोमीटर भागिले आता बसलेले लिटर. गाडी थोडी तिरपी उभी असली तरी टाकीत पेट्रोल कमीजास्त बसतं, म्हणून काका गाडी त्याच फरशीवर, त्याच रेघेत उभी करतात. ती फरशी रिकामी नसेल तर थांबतात. मागचे हॉर्न वाजवतात. त्याची नोंद मात्र वहीत नसते.

पंप हे तसं श्रद्धेचं ठिकाण आहे. शंभराचं न टाकता एकशे दहाचं टाकलं तर मशीनची लबाडी चालत नाही, ही एक श्रद्धा. भल्या पहाटे टाकलं तर थंड पेट्रोल दाट मिळतं, ही दुसरी. पंपाची टाकी जमिनीखाली असते आणि तिथलं तापमान पहाटे आणि दुपारी जवळपास तेच असतं, हे काका रांगेतल्या लोकांना ओरडून सांगतात. लोक मान डोलावतात आणि दुसऱ्या दिवशी पहाटे येतात.

काकांची पिढी स्कूटरवर शिकलेली. त्या स्कूटरला पेट्रोलचा काटा नव्हता. चालू, बंद आणि रिझर्व्ह अशी तीन घरं असलेली एक चावी होती. भर रस्त्यात स्कूटर आचके देऊ लागली की पायाजवळ हात घालून ती फिरवायची. रिझर्व्हही संपलं की स्कूटर एका अंगावर झोपवायची, तळाचा घोट कार्बोरेटरकडे लोटायचा, उभी करायची आणि किक मारायची. बायको हातात भाजीची पिशवी घेऊन बाजूला उभी राहून, कुणी ओळखीचं बघत नाही ना, ते बघायची. पण त्यात एक शास्त्र होतं. एका रिझर्व्हपासून दुसऱ्या रिझर्व्हपर्यंतचे किलोमीटर हे आजच्या डिजिटल पडद्यापेक्षा प्रामाणिक होते. पडदा फार तर तुमचं मन राखतो. रिझर्व्ह तुम्हाला रस्त्यात उभं करत असे.

आता सरकारी आकड्याबद्दल. जाहिरातीत जो आकडा असतो, त्याची चाचणी पुण्यातली ऑटोमोटिव्ह रिसर्च असोसिएशन ऑफ इंडिया, म्हणजे एआरएआय, ही संस्था करते. १९६६ साली सुरू झालेली ही संस्था कोथरूडजवळच्या टेकडीवर आहे. पुणेकर पहाटे त्या टेकडीवर चढून स्वतःचं इंधन जाळतात आणि आत गाड्यांचं मोजलं जातं. गाडी तिथे रस्त्यावर धावत नाही. चाकं रोलरवर ठेवतात, वाऱ्याचा आणि रस्त्याचा अडथळा रोलरच हिशेबाने देतो आणि चालक समोरच्या आलेखाबरहुकूम वेग कमीजास्त करतो. हा आलेख ११८० सेकंदांचा, म्हणजे वीस मिनिटांना थोडा कमी. तेवढ्यात गाडी खोली न सोडता साडेदहा किलोमीटरच्या वर जाते. जास्तीत जास्त वेग ताशी ९०, सरासरी ३२ च्या आसपास. वापरलेलं पेट्रोल मोजायला टाकीत डोकावतही नाहीत. धुरातल्या वायूंमधला कार्बन मोजतात आणि त्यावरून उलटा हिशेब करतात. एसी बंद, खड्डा नाही, रिक्षा नाही, शेजारच्या सीटवरून ‘अहो, हळू’ म्हणणारं कुणी नाही. एवढ्या सुखात कुठलीही गाडी चांगलंच देणार. संस्थेचा आकडा खोटा नसतो. तो फक्त अशा शहरातला असतो ज्यात कुणी राहत नाही.

काकांनी हे सगळं ओळखून स्वतःचा सिद्धांत मांडला आणि तो सोसायटीच्या फलकावर लावला. ‘उद्या पाणी येणार नाही’ आणि ‘गच्चीवर पापड वाळत घालू नयेत’ या दोन सूचनांच्या मधे. शीर्षक होतं, ‘आपले पेट्रोल कोण खातो?’ लोकांना वाटलं, पार्किंगमध्ये चोरी झाली. त्यामुळे फलकापुढे गर्दी बरी जमली.

सिद्धांत असा. गाडीत तुम्ही बसायच्या आधीच खाणारे तिघे बसलेले असतात.

पहिला घड्याळ बघून खातो. गाडी पळो की उभी राहो, इंजिन सुरू आहे तोवर त्याचं चालू. इंजिनाचे स्वतःचे भाग एकमेकांवर घासतात, पाण्याचा पंप फिरतो, बॅटरी भरली जाते. या सगळ्याला तासाला ठरावीक पेट्रोल लागतं. काकांच्या गाडीत त्यांनी ते ०.८ लिटर धरलं. त्यामुळे तुम्ही जितके हळू जाल तितका प्रत्येक किलोमीटरमागे याचा वाटा मोठा. ताशी १० ने चाललात तर दर किलोमीटरला ८० मिलिलिटर हाच गिळतो. १०० ने गेलात तर फक्त ८.

दुसरा किलोमीटर मोजून खातो. टायर रस्त्यावर दबतात, सुटतात, तापतात. त्यात जी ताकद जाते ती वेगाने फारशी बदलत नाही. गाडी आणि माणसं मिळून हजार किलो वजन असेल, तर किलोमीटरमागे साधारण १० मिलिलिटर. हा त्यातल्या त्यात सज्जन. फक्त टायरमधली हवा कमी केली किंवा डिकीत लोणच्याच्या बरण्या वाढवल्या की तोही हात मोकळा सोडतो.

तिसरा म्हणजे वारा. हा वेग बघून खातो आणि वर्गाने खातो. वेग दुप्पट केला की वाऱ्याचा अडथळा चौपट. ताशी ५० ला किलोमीटरमागे ७ मिलिलिटर, १०० ला २८, १२० ला ४०. त्या वेगाला इंजिनावर पडणारा जोर तर घनाने वाढतो; म्हणजे ६० चे १२० केले की वारा कापायला आठपट ताकद. वर टपावर कॅरियर बांधून त्यावर ताडपत्रीत गुंडाळलेल्या बॅगा ठेवल्या असतील, तर वाऱ्याची चंगळच.

या तिघांची बेरीज करायची आणि वेगवेगळ्या वेगांना मांडायची. काकांच्या फलकावर ते असं होतं: ताशी १० ला लिटरला ११ किलोमीटर. २० ला १९. मग आकडा चढत चढत ५० च्या आसपास ३० वर जातो. तिथून पुढे उतरण. ८० ला २६, १०० ला साडेएकवीस, १२० ला सतरा. मधे नेमकी टेकडी कुठे येते हे काढायला काकांनी बारावीनंतर बाजूला ठेवलेलं कलनशास्त्र बाहेर काढलं. उत्तर आलं बावन्न. ताशी बावन्न किलोमीटर. खाली दोन रेघा ओढून त्यांनी सही केली.

पहिल्याच दिवशी तिसऱ्या मजल्यावरच्या एका तरुणाने मोबाइलवर शोधून त्यांना दाखवलं, की पेट्रोलियम कंझर्व्हेशन रिसर्च असोसिएशन ही १९७८ पासूनची सरकारी संस्था फार आधीपासून हेच सांगते आहे: गाडी ४५ ते ५५ च्या वेगाने चालवा, ८० पेक्षा ४० टक्क्यांपर्यंत जास्त मायलेज मिळेल. काकांच्या चेहऱ्यावर आनंद दिसायला हवा होता. पण आपला शोध सरकारला आपल्याआधी लागलेला असणं, हे सरकारी नोकरीत आयुष्य काढलेल्या माणसाला सहन होत नाही. ते म्हणाले, ‘पंचेचाळीस ते पंचावन्न? असं मोघम कुणीही सांगेल. मी नेमका आकडा दिलाय.’

आणि इथेच खरी गंमत आहे. हा बावन्नचा वेग काढता येतो, लिहिता येतो, फलकावर लावता येतो. चालवता येत नाही. महाराष्ट्रात तो कुठेच मिळत नाही. शहरात रहदारी तो मिळू देत नाही आणि हायवेवर अभिमान मिळू देत नाही.

शहराचं सांगायलाच नको. घोडबंदर रस्त्यावर संध्याकाळी गाडी पहिल्या-दुसऱ्या गिअरमध्ये रांगत असते. तिथे दुसऱ्या-तिसऱ्या खाणाऱ्याला काही मिळत नाही; सगळं ताट पहिल्यापुढे. घड्याळ चालू आहे, किलोमीटर हलत नाही. अशा वेळी काका उभ्या गाडीचं इंजिन बंद करतात. मग पुढची गाडी सहा फूट सरकते. काका चावी फिरवतात. मागचा ओरडतो. तोवर मधल्या सहा फुटांत डावीकडून दुचाकी, उजवीकडून रिक्षा आणि समोरून, नियमाचा कुठलाही आधार नसताना, एक टेम्पो आलेला असतो.

हायवेवर रस्ता मोकळा असतो, पण मन नसतं. मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर सपाटीला मोटारींसाठी शंभरची मर्यादा आहे. तिथे काकांनी बावन्न धरला, की आधी मागून एक दूधवाला टँकर येतो. मग एक ट्रक. त्यावर ‘हॉर्न ओके प्लीज’ लिहिलेलं असतं आणि तो स्वतःच ते पाळतो. मग एक आराम बस जाते, तिच्या खिडकीतून एक लहान मूल काकांकडे दयेने बघतं. काकांच्या गाडीला हे सगळं चालतं. काकूंना चालत नाही. त्या म्हणतात, ‘अहो, गाडीत काही बिघाड आहे का असं विचारायला लोक थांबतील.’ एकदा तर रस्त्याच्या गस्तीच्या गाडीतून कुणीतरी खिडकीबाहेर हात काढून ‘सगळं ठीक आहे ना’ अशी खूण केली. काकांनी ‘ठीक’ अशी उलट खूण केली. काकूंनी पदर तोंडावर घेतला.

मोठ्या ट्रकच्या मागे चिकटून गेलं तर वारा तोच कापतो आणि तिसरा उपाशी राहतो, हा सल्ला काकांना एका दुकानदाराने दिला होता. शास्त्र खरं आहे, पण ट्रकने ब्रेक मारला तर वहीत पुढची नोंद करायला कुणी उरत नाही, हेही शास्त्रच. काकांनी तो सल्ला ‘अव्यवहार्य’ असा शेरा मारून मिटवला.

अमेरिकेने हा प्रश्न एकदा कायद्याने सोडवायचा प्रयत्न केला. १९७३ च्या ऑक्टोबरात अरब देशांनी तेल रोखलं. तिथे पंपांपुढे रांगा लागल्या आणि २ जानेवारी १९७४ ला निक्सन यांनी देशभर ताशी ५५ मैलांची मर्यादा घालणाऱ्या कायद्यावर सही केली. पंचावन्न मैल म्हणजे साधारण ८८ किलोमीटर. आपल्याकडे ज्याला वेग म्हणतात, त्याला तिथे बचत म्हणत होते. तरीही लोकांनी दोन दशकं कुरकुर केली आणि १९९५ मध्ये ती देशव्यापी मर्यादा गेली. माणूस तेलाविना राहील, पण मागचा पुढे गेलेला पाहू शकत नाही, एवढाच त्या कायद्याचा निष्कर्ष.

एसीचा वाद तर प्रत्येक घरातला. काकांच्या मते एसीचा कॉम्प्रेसर हा पहिल्याच्याच पंगतीचा. तोही घड्याळ बघून खातो. तासाला अर्धा लिटर त्याचा धरला तर पहिल्याचा खुराक ०.८ वरून १.३ होतो. मग काकांनी गणित पुन्हा मांडलं आणि उत्तर आलं एकसष्ट. म्हणजे एसी लावला की सगळ्यात किफायतशीर वेग वाढतो, कारण घड्याळवाला महाग झाला, तेव्हा त्याला जितक्या लवकर वाटेला लावाल तितकं बरं. लिटरमागचं अ‍ॅव्हरेज मात्र तीसवरून चोवीसच्या खाली येतं. काकूंनी यातला फक्त पूर्वार्ध ऐकला. ‘म्हणजे एसी लावला की वेगही वाढवायचा? मग लावा ना.’ एवढ्या लांबलचक गणितातून इतका सुटसुटीत निष्कर्ष काकांना कधीच काढता आला नसता.

घाटाचा विषय निघाला की सगळे वक्ते होतात. खालापूरकडून खंडाळ्याला चढताना गाडी पाचशे-सहाशे मीटर उचलली जाते. हजार किलो वजन तेवढं उचलायला काकांच्या हिशेबाने अर्धा लिटर जास्तीचं लागतं. येताना त्यातलं बरंचसं परत मिळतं, पण लोकांना ते सगळंच्या सगळं, व्याजासकट हवं असतं. म्हणून उताराला गाडी न्यूट्रल करायची, काहींनी तर इंजिनच बंद करायचं. जुन्या कार्बोरेटरच्या गाड्यांत हे चालून जायचं, असं लोक म्हणतात. म्हणणारे अर्थातच वाचलेले असतात. इंजिन बंद झालं की ब्रेकला मिळणारी मदत जाते आणि पाय लाकडावर दाबल्यासारखा होतो. शिवाय आताच्या इंजेक्शनच्या गाड्यांत गणितही उलटं आहे. गिअरमध्ये ठेवून अ‍ॅक्सिलरेटर सोडला, की संगणक पेट्रोल पूर्ण तोडतो. इंजिन चाकांच्या जोरावर फुकट फिरतं. न्यूट्रल केलंत तर ते फिरतं ठेवायला पहिल्याला पुन्हा जेवण वाढावं लागतं. त्या उतारावरच पडद्यावर ९९.९ असा आकडा झळकतो. त्या क्षणी कुटुंबातला कुणीतरी मोबाइलने त्याचा फोटो काढतो आणि पुढची पाच वर्षं तो दाखवत फिरतो. परतीच्या चढाचा फोटो आजवर कुणी काढलेला नाही.

असा फोटो काकांच्या मेहुण्यांकडे आहे. मेहुणे नागपूरला असतात. काकांची गाडी जी देते त्याहून त्यांची दोन जास्त देते, हे वर आलंच आहे. त्यांची पद्धत सोपी: ‘शहरात दहा देते, हायवेला वीस. म्हणजे पंधरा.’ हे ऐकलं की काकांचा रक्तदाब वाढतो. शंभर किलोमीटर शहरात गेलात तर दहा लिटर. शंभर हायवेला, तर पाच. एकूण दोनशे किलोमीटरला पंधरा लिटर. म्हणजे लिटरला तेरा पूर्णांक तीन. सरासऱ्यांची सरासरी काढली की उत्तर नेहमी आपल्या बाजूने फुगतं. काकांनी हे फोनवर समजावून सांगितलं. पलीकडून मेहुणे म्हणाले, ‘भाऊजी, पंधराच धरा ना. घरचाच हिशेब आहे.’ त्यावर काकू म्हणाल्या, की माझ्या भावाला पहिल्यापासून गणितात गती आहे.

विजेच्या गाड्यांनी तर अ‍ॅव्हरेजवाल्यांचं जगच उलटं केलंय. तिथे घड्याळ बघून खाणारा जवळपास उपाशी. गाडी उभी असेल तर मोटार काही मागत नाही. त्यामुळे वाराच काय तो मोठा खाणारा उरतो आणि गाडी शहरातल्या रांगण्यात जास्त चालते, हायवेला कमी. पेट्रोलवाले शहराला शिव्या देतात, बॅटरीवाले हायवेला. सोसायटीच्या गच्चीवर दोन्ही बाजू समोरासमोर आल्या की पापड वाळत घालणाऱ्यांनासुद्धा जागा उरत नाही.

मग आलं भाचीचं लग्न. मेहुण्यांच्या मुलीचं, नागपूरला. मुंबई-नागपूर समृद्धी महामार्ग ५ जून २०२५ पासून आमणेपर्यंत पूर्ण सुरू झाला आहे. ७०१ किलोमीटर, मोटारींना मर्यादा १२०. आयुष्यभराचा सिद्धांत तपासायला याहून सरळ प्रयोगशाळा मिळणार नव्हती. काकांनी वहीचं नवं पान उघडलं. पेट्रोल सोयीसाठी शंभर रुपये लिटर धरलं. वरचे रुपये ते दुःख नको म्हणून धरत नाहीत.

१२० ने गेलं तर पाच तास पन्नास मिनिटं आणि ४०.४ लिटर. ८० ने गेलं तर पावणेनऊ तास आणि २६.९ लिटर. म्हणजे ताशी चाळीस किलोमीटरचा मोह आवरला की साडेतेरा लिटर वाचतात, साडेतेराशे रुपये. त्यापायी तीन तासांना पाच मिनिटं कमी एवढा वेळ जातो. उलटीकडून बघितलं तर १२० ने जाणारा माणूस प्रत्येक तास साधारण चारशे साठ रुपयांना विकत घेतो. हे महाग की स्वस्त, हे ज्याच्या त्याच्या तासावर आहे. एखाद्या सर्जनला हा तास मातीमोल वाटेल. निवृत्त माणसाच्या तासाला बाजारात भावच नाही, त्यामुळे काकांना तो फार महाग वाटला. शिवाय वेगाने जाऊन वाचवलेला तास आपली माणसं फूड मॉलवर चहाच्या रांगेत उभं राहून परत करतात, असं त्यांचं निरीक्षण आहे.

तेव्हा बावन्न. बावन्नने गेलं तर २३.४ लिटर. ८० पेक्षाही साडेतीन लिटर कमी! काकांनी हे वाचून दाखवलं तेव्हा त्यांचा आवाज किंचित थरथरत होता.

काकू भाजी निवडत होत्या. त्यांनी विचारलं, ‘आणि वेळ?’

‘साडेतेरा तास.’

‘म्हणजे पावणेपाच तास जास्त बसायचं आणि साडेतीनशे रुपये वाचवायचे. तासाला पंचाहत्तर रुपये सुद्धा पडत नाहीत. आपल्याकडे धुणंभांडी करणाऱ्या मावशी एवढ्यात येत नाहीत. वर दोन वेळचं बाहेरचं जेवण, दोन चहा, आणि एवढं बसून तुमची कंबर धरली की मुक्काम. लॉजचे किती धरलेत?’

वहीत लॉजचा रकाना नव्हता. तिघा खाणाऱ्यांचा हिशेब चोख होता. पण गाडीत माणसंही बसतात आणि तीही खातात, हे त्या सिद्धांतात कुठेच आलं नव्हतं. काकांनी पान उलटलं, पुन्हा उलटलं. जो वेग गाडीला सगळ्यात स्वस्त, तो माणसाला सगळ्यात महाग पडत होता. मग त्यांनी माणसांचा खर्च धरून नवा वेग काढायला घेतला. तो नव्वदकडे सरकायला लागला. काकू म्हणाल्या, ‘तुम्ही काढा सावकाश. मी विदर्भ एक्सप्रेसची तिकिटं काढलीत. ठाण्याला थांबते.’

ते दोघं रेल्वेने गेले. लग्न थाटात झालं. मांडवात सगळ्यांनी सगळ्यांना किती देते ते विचारलं. परत आल्यावर काकांनी नेमाने वही उघडली. किलोमीटर: रेल्वेने आठशे धरू. लिटर: शून्य. अ‍ॅव्हरेजच्या रकान्यापाशी पेन अडलं. आठशे भागिले शून्य. कॅल्क्युलेटरने एरर दाखवली. पंपांच्या खात्यात आयुष्य काढलेला माणूस कुठलाही रकाना कोरा सोडू शकत नाही. तेव्हा त्यांना घर ते स्टेशन केलेली रिक्षा आठवली. सीएनजी, अंदाजे पाव किलो. आठशे भागिले पाव. किलोला ३२०० किलोमीटर.

आकडा काकांनी तीनदा तपासला, खाली दोन रेघा ओढल्या आणि ताबडतोब नागपूरला फोन लावून मेहुण्यांना कळवला. वाहन कोणतं, ते मात्र सांगितलं नाही. पलीकडे थोडा वेळ शांतता होती. मग मेहुणे म्हणाले, ‘असू शकतं, भाऊजी. आमची बत्तीसशे दोन देते.’